साडेअकरा किलो जास्त

दाजींच्या दुकानात त्या दिवशी साडेअकरा किलो गहू कमी भरला असता, तर काहीही झालं नसतं. निरीक्षकांनी 'घट' असं लिहिलं असतं, कारणाच्या रकान्यात 'उंदीर' लिहिलं असतं, चहा घेतला असता आणि ते पुढच्या दुकानात गेले असते. सरकारी धान्य दुकानांच्या जगात उंदरांना फार मान आहे. आजवर त्यांनी कागदोपत्री हजारो पोती फस्त केली असतील, पण एकाही उंदराने कधी या आरोपाविरुद्ध तक्रार केलेली नाही. दाजींचं नशीब मात्र वाकडं. त्यांच्या दुकानात साडेअकरा किलो गहू जास्त भरला.

दाजी हे अर्थातच त्यांचं नाव नव्हे. त्यांना परवाना मिळाला तो नेमका बायकोच्या माहेरच्या गल्लीत. मेहुणा दाजी म्हणायचा म्हणून शेजारी म्हणू लागले, शेजारी म्हणतात म्हणून गिऱ्हाइकं म्हणू लागली, आणि सव्वीस वर्षांत सरकारी कागद सोडले तर त्यांना खऱ्या नावाने ओळखणारं कोणी उरलं नाही. बायकोला तसंच सगळी गल्ली ताई म्हणे, अगदी तिच्याहून वीस वर्षांनी मोठी माणसंसुद्धा. अशा गल्लीत मापात पाप करायचं म्हणजे एकाच वेळी अख्ख्या सासुरवाडीला फसवायचं. तेवढी हिंमत असलेला जावई अजून जन्माला यायचा आहे, आणि दाजी तर घरात आमटीत मीठ कमी आहे हेसुद्धा दुसऱ्या दिवशी सांगणारे.

निरीक्षक दर वर्षी येत, पोत्यांच्या थप्पीकडे दुरून बघत, रजिस्टरवर सही करत. त्या वर्षी मात्र वरून हुकूम निघाला होता की प्रत्येक पोतं काट्यावर चढलंच पाहिजे. दाजी निर्धास्त होते. त्यांनी स्वतःच बाह्या सरसावून पोती काट्यावर चढवायला सुरुवात केली. सगळी पोती झाल्यावर निरीक्षकांनी बेरीज केली, मग पुन्हा केली, मग दाजींना करायला दिली. शेवटी पंच म्हणून समोरच्या घरातून बोलावलेल्या निवृत्त हेडमास्तरांनी ती तोंडी केली. उत्तर सगळ्यांचं एकच आलं.

हेडमास्तरांनी दाजींचा हात हातात घेऊन त्यांचं अभिनंदन केलं. त्यांच्या शाळेत कमी भरलं तर छडी आणि जास्त भरलं तर शाबासकी असा साधा व्यवहार होता. त्यांनी पंचनाम्यावर मोठ्या कौतुकाने, पूर्ण नावानिशी सही ठोकली. इकडे निरीक्षक मात्र हातातला छापील कागद उलटसुलट करून बघत होते. त्यात घटीला रकाना होता, ओल्या मालाला होता, फाटक्या पोत्याला होता. वाढीला रकानाच नव्हता.

"दाजी, कमी असतं तर मी तुम्हाला वाचवलं असतं," ते कळवळून म्हणाले. "उंदीर लिहिले असते. जास्तीला काय लिहू? उंदरांनी आणून टाकले?"

मग त्यांनी दाजींना शांतपणे समजावलं. सरकार मोजून देतं, दुकानदार मोजून वाटतो. वाटून झाल्यावर हिशेबापेक्षा जास्त उरलं, याचा अर्थ कुणाच्या तरी पिशवीत कमी पडलं. दाजींनाही ते पटलं, कारण दुसऱ्या कुणाच्या दुकानात असं झालं असतं तर तेही हेच म्हणाले असते. सव्वीस वर्षं हातात काटा धरलेल्या माणसाला आपल्याच दुकानातला गहू आला कुठून हे सांगता येत नव्हतं.

दुपारपर्यंत दुकानाला सील लागलं. जास्तीचा साडेअकरा किलो गहू वेगळ्या पोत्यात भरून, तोंड सुतळीने आवळून त्यावर लाखेची मोहोर उठवली गेली. हा झाला मुद्देमाल. पण मुद्देमाल ठेवायला कार्यालयात जागा नव्हती, तिथे आधीच जुन्या मुद्देमालाची थप्पी छताला टेकली होती. तेव्हा निरीक्षकांनी नियमाप्रमाणे तो दाजींच्याच ताब्यात दिला आणि सुपुर्दनाम्यावर लिहून घेतलं की मागाल तेव्हा जसाच्या तसा हजर करीन. म्हणजे ज्याने चोरी केली असं म्हणायचं, चोरीचा माल सांभाळायलाही तोच. दाजी ते पोतं कडेवर घेऊन भर दुपारी गल्लीतून घरी गेले. बघणाऱ्यांनी बघितलं.

उलगडा संध्याकाळी झाला. ताई म्हणाल्या की जास्तीचा गहू कदाचित त्यांनीच टाकलेला असेल. दुकान बंद झालं की ताई रोज झाडून घ्यायच्या, हे दाजींना माहीत होतं. पोतं उघडताना, पिशवीत ओतताना सांडलेले दाणे त्या सुपात घेऊन निवडायच्या, पाखडायच्या, हेही माहीत होतं. दाजींची समजूत अशी की ते दाणे पाखरांना जातात. ते जात होते पोत्यात. आपल्या नवऱ्याच्या दुकानात तूट निघू नये म्हणून ताई सव्वीस वर्षं ते दाणे सरकारला परत करत होत्या, वर उंदीर खातील म्हणून घरच्या गव्हाची मूठही घालत होत्या. आणि कधी वाढ दिसली नाही, कारण तेवढं उंदीर खात होते. खरे उंदीर, कागदावरचे नव्हेत. या वर्षी मेहुण्याने हौसेने दुकानातली सगळी बिळं सिमेंटने बुजवून दिली आणि सव्वीस वर्षांचा तोल एका दिवसात गेला.

दाजींना हायसं वाटलं. उद्याच जाऊन खरं ते सांगून टाकू, असं म्हणून ते उठलेसुद्धा. तेवढ्यात मेहुणा आला. मेहुणा जन्ममृत्यूच्या नोंदणी कार्यालयातून स्वेच्छेने निवृत्त झालेला. तीस वर्षं त्याने खिडकीपलीकडच्या माणसांना 'हे चालणार नाही' असं सांगितलं होतं आणि त्यातून त्याला कायद्याचं सखोल ज्ञान झालं होतं. सगळं ऐकून घेऊन तो खालच्या आवाजात म्हणाला की हे तोंडातूनही काढू नका. जमिनीवर सांडलेलं धान्य पुन्हा जनतेच्या पोत्यात घालणं हा माप मारण्यापेक्षा मोठा गुन्हा आहे. तिथे परवाना जातो, इथे माणूस आत जातो. आणि माणूस म्हणजे ताई.

तेव्हापासून दाजींची अवस्था अशी झाली की खोटं बोलावं तर सुचत नाही आणि खरं बोलावं तर बायको आत. एरवी लोक खोटं उघडं पडेल म्हणून भितात. दाजी खरं उघडं पडेल म्हणून भिऊ लागले.

पंधरा दिवसांनी परवाना रद्द झाल्याचा आदेश घरी आला. त्यात लिहिलं होतं की कारणे दाखवा नोटिशीला आपण मुदतीत उत्तर दिलं नाही, त्याअर्थी आपणांस काही म्हणावयाचे नाही. दाजींना म्हणायचं पुष्कळ होतं, पण नोटीस आलीच नव्हती. ते पुरवठा अधिकाऱ्यांकडे गेले. अधिकारी सभ्य गृहस्थ होते. त्यांनी फाइल काढून दाखवलं की नोटीस वेळेवर पाठवली आहे, दुकानाच्या पत्त्यावर, आणि शिपायाने ती शटरच्या फटीतून आत सरकवल्याची नोंदही आहे.

दाजी म्हणाले, दुकानाला सील आहे. अधिकारी म्हणाले, कुणी लावलं? दाजी म्हणाले, आपणच. मग अधिकाऱ्यांनी त्यांना मार्ग सांगितला. सील उघडून नोटीस बाहेर काढण्यासाठी रीतसर अर्ज करता येतो. अर्जावर नोटिशीचा जावक क्रमांक मात्र हवा. तो क्रमांक कुठे मिळेल असं दाजींनी विचारलं, तर तो नोटिशीवर असतो. दाजी नमस्कार करून बाहेर आले आणि जिन्याच्या पहिल्याच पायरीवर बसले. तिथे बसायला बंदी आहे असं शिपायाने सांगितल्यावर दुसऱ्या पायरीवर बसले.

गल्लीच्या शिधापत्रिका आता नाल्यापलीकडच्या दुकानाला जोडल्या गेल्या होत्या. लोकांना वीस मिनिटं चालावं लागे आणि त्या वीस मिनिटांत बोलायला विषय हवाच. सुरुवातीला सगळे दाजींच्या बाजूने होते. न्हावी म्हणाला, मंत्र्याला भेटा. शिंपी म्हणाला, वर्तमानपत्रात द्या. हेडमास्तर म्हणाले, उपोषणाला बसा, मी रोज तासभर शेजारी येऊन बसेन, दुपारी मात्र मला झोप लागते. पण सल्ला देणाऱ्या माणसाला सल्ला मानला गेला नाही की राग येतो, आणि रागावलेला माणूस विचार करू लागतो. एकदा पिठाच्या गिरणीत ताईंच्या पाठीमागे कुणीतरी हलकेच म्हणालं की एका वर्षात साडेअकरा, तर सव्वीस वर्षांत किती, करा हिशेब. ताई दळण न घेताच परत आल्या. त्या रात्री दोघंही जेवली नाहीत आणि दोघांनीही पोट बिघडल्याचं सांगितलं.

दाजींना परवाना गेल्याचं दुःख होतंच. घर त्यावर चालत होतं, आणि पंचावन्नाव्या वर्षी मेहुण्याच्या ओळखीने कुणाच्या तरी गोदामात पोती मोजायला बसावं लागलं, हेही त्यांनी गिळलं. पण गिरणीतलं ते वाक्य गळ्याखाली उतरेना. आपण कधी कुणाला दाणा कमी दिला नाही, एवढं एक वाक्य कुठल्यातरी खऱ्या शाईने, खऱ्या शिक्क्याखाली कुणीतरी लिहून द्यावं, मग दुकान मिळो न मिळो. यासाठी दाजी, जे शेजाऱ्याच्या नळाचं पाणी आपल्या दारात आलं तरी तक्रार न करता पाट काढून देत, ते सरकारविरुद्ध कोर्टात गेले.

वकील मेहुण्यानेच शोधला. चष्म्याच्या दुकानाच्या वर, दुसऱ्या मजल्यावर त्यांची खोली होती. पक्षकार बोलत असताना ते पेन्सिलीला टोक काढत आणि मधूनमधून 'पुढे' म्हणत. दाजींनी गहू सांगितला, काटा सांगितला, सव्वीस वर्षं सांगितली. ताईंचं सूप तेवढं गिळलं. वकील 'पुढे, पुढे' करत राहिले. नोटीस बंद दुकानात पडली आहे हे ऐकल्यावर मात्र त्यांच्या हातातली पेन्सिल थांबली.

"म्हणजे नोटीस अजून आत आहे? सीलच्या आत?" त्यांनी दोनदा विचारलं. त्यांचा चेहरा उजळला. इतकी सुंदर केस आपल्याकडे बऱ्याच वर्षांत आली नाही असं ते म्हणाले.

"पण साहेब, मी माप मारलेलं नाही, हे आधी लिहा," दाजी म्हणाले.

"ते मुद्द्यात येत नाही."

"माझा तोच मुद्दा आहे."

"तुमचा असेल. केसचा नाही. तुम्ही माप मारलं नाही म्हणालात, की ते विचारणार मग गहू आला कुठून. आहे उत्तर?"

उत्तर घरी सुपात होतं. अर्जात नोटीस सतरा वेळा आली आणि गहू एकदाच, तोही कंसात.

कोर्ट म्हणजे वाट बघण्याची मोठी पक्की इमारत. खाली फलकावर यादी लागे, त्यात दाजींचा नंबर त्रेचाळीस असला तर कोर्ट अडतीसवर उठे, आणि अडतीस असला तर त्या दिवशी सरकारी वकिलांना ताप असे. दाजी गोदामातून रजा काढून, इस्त्रीचा सदरा घालून बाकावर बसत. सुरुवातीला त्यांना वाटे की आपण सरळ बसलो तर न्यायाधीशांचं मत चांगलं होईल. सहा महिन्यांनी ते भिंतीला टेकून बसू लागले, वर्षाने झोपू लागले. एकदा तर नंबर पुकारला गेला तेव्हा त्यांच्या खऱ्या नावाची हाक त्यांना ओळखूच आली नाही. कुणीतरी दुसरा येत नाहीये असं समजून त्यांनी इकडेतिकडे बघितलं आणि त्या बेपर्वा माणसाबद्दल शेजाऱ्याकडे नापसंती दाखवली. ती तारीख गेली.

घरी ते पोतं होतं. आधी ते खाटेखाली होतं, मग ओल लागेल म्हणून कपाटावर गेलं, मग तिथे मांजर बसतं म्हणून डोळ्यांसमोर खुर्चीवर आलं. पाहुण्यांना बसायला स्टूल आणि मुद्देमालाला खुर्ची, अशी घराची रीत झाली. दाजी त्याला हात लावत नसत. मोहोर तुटली तर काय कलम लागतं हे मेहुण्याने त्यांना इतक्या वेळा सांगितलं होतं की ते पोत्याजवळून जातानाही श्वास रोखून जात. देखभाल सगळी ताईंकडे होती, आणि ती त्या नेमाने करत होत्या एवढंच दाजींना ठाऊक होतं.

दोन वर्षांनी, दाजींनी आशा सोडल्यावर, केस सुनावणीला आली. वकिलांनी उठून नोटिशीवर चाळीस मिनिटं भाषण केलं. नोटीस, शटर, फट, सील. न्यायाधीश मान हलवत होते. सरकारी वकिलांना आपली बाजू बुडताना दिसली असावी. त्यांनी वेगळाच डाव टाकला. नोटिशीचं काय ते नंतर बघू, म्हणाले, पण चोरी झाली आहे आणि तिचा पुरावा याच माणसाच्या घरात आहे. तो कोर्टापुढे आणावा, वजन करावं, म्हणजे आम्ही हवेत बोलत नाही हे दिसेल. न्यायाधीशांनी पुढच्या आठवड्याची तारीख दिली.

त्या दिवशी दाजी, मेहुणा, ताई आणि पोतं असे चौघे रिक्षातून कोर्टात गेले. पोतं मध्ये बसलं. दारावरच्या पोलिसाने त्यात काय आहे विचारलं तर मेहुण्याने 'पुरावा' असं सांगितलं आणि त्यावरून पुढे पाऊण तास झडती चालली. कोर्टात काटा नव्हता. तो वजनमाप खात्याकडून मागवला होता, आणि तो आणणारा माणूस काटा बरोबर असल्याचा दाखला घरी विसरून आला होता. तो जाऊन येईपर्यंत मधली सुट्टी झाली.

अखेर पोतं काट्यावर चढलं. लाखेची मोहोर शाबूत होती, ती न्यायाधीशांना दाखवण्यात आली. सुतळीची गाठ शाबूत होती, तीही दाखवण्यात आली. मग कारकुनाने आकडा वाचला आणि तो थांबला. पुन्हा उतरवून पुन्हा ठेवलं. बारा किलो सहाशे ग्रॅम.

न्यायाधीशांनी चष्मा काढला. दोन वर्षं घरात पडलेला गहू वाळून घटतो, कीड लागून घटतो, हे कुणालाही कळतं. हा अकराशे ग्रॅमने वाढला होता. सरकारी वकील उभे राहिले, पण काय आरोप करावा हे न सुचून तसेच उभे राहिले. दाजींच्या वकिलांनी दाजींकडे बघितलं. दाजींनी अत्यंत सावकाश मागच्या बाकाकडे बघितलं. ताई उभ्या राहिल्या होत्या.

"मोहोरेला मी हात लावलेला नाही, साहेब," त्या म्हणाल्या. "खालची शिवण उसवून घ्यायचे."

न्यायाधीशांनी चष्मा पुन्हा लावला, तशी ताईंनी पुढे सांगितलं.

"कीड लागली होती. महिन्यातून एकदा काढून निवडायचे, ऊन द्यायचे, पुन्हा शिवून टाकायचे. निवडलं की तेवढं वजन कमी होतं. सरकारी माल, कमी कसा ठेवायचा? म्हणून घरचे गहू घालायचे. दर वेळी मूठभर जास्तच, घट धरून. दुकानात तरी मी काय वेगळं करत होते? सांडलेलं झाडायचं, निवडायचं आणि घरची मूठ घालून पोत्यात टाकायचं. सव्वीस वर्षं तेच केलं. यांना माहीतसुद्धा नव्हतं."

कोर्टात इतकी शांतता पसरली की बाहेरचा पुकारा करणारा शिपाई आत डोकावून गेला. मेहुण्याने डोळे मिटून घेतले होते. दाजी मात्र न्यायाधीशांच्या चेहऱ्याकडे बघत होते, आणि त्या चेहऱ्यावर त्यांना दिसलं की या माणसाला सगळं कळलं आहे. गहू कुठून आला, का आला, आणि या घरातून कुणाला दाणा कमी जाणं कसं शक्य नाही, सगळं. दोन वर्षांत पहिल्यांदा कुणीतरी शिक्क्याच्या माणसाने दाजींवर विश्वास ठेवला होता. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. आता हे लिहिलं जाणार, त्यांना वाटलं.

लघुलेखकाची बोटं खरंच चालू होती. न्यायाधीशांनी हात वर केला.

"हे घेऊ नका," ते म्हणाले. "बाई, बसा खाली. हे कागदावर आलं तर जप्त मालात हात घातल्याबद्दल आणि झाडलेलं धान्य लोकांना दिल्याबद्दल मला तुमच्यावर कारवाई सांगावी लागेल. तुम्ही काही बोलला नाहीत आणि आम्ही काही ऐकलं नाही."

दाजींचा हात आपोआप वर गेला. लिहा साहेब, असं त्यांना म्हणायचं होतं. एवढंच तर लिहून हवं होतं, आणि तेवढंच पुसलं जात होतं. वकिलांनी त्यांचा सदरा खाली ओढला. दाजींनी मागे बघितलं. ताई बाकावर बसून पदराने कपाळ पुसत होत्या आणि सगळं सांगून टाकल्यामुळे त्यांच्या चेहऱ्यावरून दोन वर्षांचं ओझं उतरल्यासारखं दिसत होतं. दाजींनी हात खाली घेतला. न्यायाधीश दयाळू होते, यात शंकाच नाही, आणि त्या दयेचा दाजींना जितका राग आला तितका पुरवठा अधिकाऱ्यांचाही कधी आला नव्हता.

निकाल महिन्याभराने मिळाला. परवाना रद्द केल्याचा आदेश रद्द. बाजू मांडण्याची संधी दिली नाही, नोटीस पोचली असं म्हणता येत नाही, दुकान पूर्ववत करावं. वकिलांनी पेढे घ्यायला सांगावं तशा आवाजात अभिनंदन केलं. दाजींनी नक्कल घरी आणून शेवटपर्यंत वाचली. शेवटून दुसऱ्या परिच्छेदात होतं की अर्जदाराने ग्राहकांना धान्य कमी मोजून दिले किंवा कसे, या प्रश्नात शिरण्याची या न्यायालयास आवश्यकता वाटत नाही. दाजींनी ते वाक्य मेहुण्याला दाखवलं. मेहुणा म्हणाला, उत्तम, त्यांनी शिरायचं टाळलं. दाजी म्हणाले, त्यांनी दार उघडं ठेवलं. मेहुण्याला त्यातला फरक कळला नाही, कारण तो केस जिंकल्याच्या आनंदात होता.

मुद्देमाल परत घेताना पुरवठा कार्यालयाच्या कारकुनाने साडेअकरा किलोचीच पावती करता येईल असं सांगितलं. वरचा अकराशे ग्रॅम गहू त्याने कागदाच्या पुडक्यात बांधून दाजींच्या हातात दिला आणि यापुढे सरकारला असलं काही देऊ नका अशी समजही दिली.

दुकानाचं सील निघालं तेव्हा शटरच्या आत, धुळीत, नोटीस पालथी पडलेली होती. तिला सात दिवसांत उत्तर द्यायचं होतं. दाजींनी ती उचलून गल्ल्याखाली ठेवली. दोन दिवस झाडलोट, चुना, पोती रचणं यात गेले, आणि तिसऱ्या दिवशी सकाळी गल्लीच्या शिधापत्रिका परत दुकानाला जोडल्या गेल्याचा फलक लागला. पहिल्या नंबरावर हेडमास्तर होते. त्यांनी दाजींना मिठी मारली. सत्याचा विजय झाला असं रांगेकडे वळून मोठ्याने सांगितलं. रांगेने टाळ्याही वाजवल्या. दाजींना क्षणभर वाटलं की झालं ते झालं, सुटलो.

त्यांनी पिशवी काट्यावर ठेवली आणि गहू ओतायला सुरुवात केली. सव्वीस वर्षांत हेडमास्तर या वेळी रस्त्याकडे तोंड करून कुणाशी ना कुणाशी बोलत असत. सगळेच बोलत असत. काट्याकडे बघायचं हे काम दाजींचं आहे, असं गल्लीत कधी ठरलं नव्हतं आणि कधी ठरवायची गरजही पडली नव्हती. आज हेडमास्तर बोलता बोलता थांबले. त्यांनी चष्मा सावरला आणि फळीवरून पुढे वाकून आकडा बघितला.

ते बघताहेत हे दाजींनी बघितलं, आणि दाजींनी बघितलं हे हेडमास्तरांना कळलं. ते ओशाळले. हल्ली डोळ्यांना नीट दिसत नाही म्हणून, असं काहीतरी पुटपुटले. दाजींनी हातातलं माप खाली ठेवलं, काटा दोन्ही हातांनी धरला आणि आकडे गिऱ्हाइकाकडे येतील असा फिरवून ठेवला. आता त्यांना स्वतःला काट्याची मागची काळी बाजू दिसत होती. त्यांनी अंदाजाने आणखी थोडा गहू ओतला.

"किती झाले, मास्तर?" त्यांनी विचारलं.

"पाच," हेडमास्तर खाली मान घालून म्हणाले. "बरोबर पाच."

दाजींनी पिशवीचं तोंड बांधून दिलं. मास्तर बाजूला झाले, त्यांच्या मागच्या बाईने आपली पिशवी पुढे केली आणि तीही वाकली.